ग्रिलची साफसफाई: बेळगाव, खानापूर, निपाणीकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आमच्याकडे मांस-भाज्या भाजायच्या ग्रिल बनवूनही मिळतात आणि दुरुस्तही होतात. दुरुस्तीची गर्दी ठराविक वेळेलाच होते: ३१ डिसेंबरच्या तोंडावर, मे महिन्यात पुण्या-मुंबईचे पाहुणे आल्यावर, आणि पाऊस उघडून अडगळीतली शेगडी बाहेर निघाली की. विचारणारे बदलतात, प्रश्न तेच असतात. म्हणून एकदाच बैजवार लिहून ठेवतोय. प्रश्न लोकांनी विचारले त्याच भाषेत ठेवलेत.

एक गोष्ट आधीच सांगून टाकतो, कारण पुढं ती सारखी येणार आहे. बहुतेक घरांत जाळी घासून घासून पांढरी करतात आणि तिच्या खालचा तेलाचा ट्रे सहा-सहा महिने कुणी ओढून बघत नाही. आग लागते ती ट्रेला.

जाळीवरचं काळं सगळं काढायचं काय?

सगळं नाही. काळं दोन जातीचं असतं. एक पातळ, गुळगुळीत, थोडी चकाकी असलेलं. नख मारलं तरी निघत नाही. तेल तापून तापून बिडावर बसलेला तो थर आहे. बिडाच्या तव्याला आपण जो जपतो, तोच. त्यानं जाळी गंजत नाही आणि मांस चिकटत नाही. दुसरं काळं जाड, खडबडीत, पापुद्रे सुटणारं. ते जळलेलं मांस, मसाला आणि चरबी असते. पुढच्या वेळी तेच सुटून तंदुरीला लागतं आणि कडू चव येते. काढायचं ते हे.

झाकणाच्या आतून काळे पापुद्रे लोंबायला लागले की लोक घाबरून फोन करतात, "रंग निघालाय". बहुतेक वेळा तो रंग नसतो. धुराची आणि चरबीची काजळी थरावर थर बसून वाळलेली असते. गार असताना लाकडी उलथन्यानं खरवडा, ओल्या फडक्यानं पुसा, झालं.

दर वेळी साफ करायला पाहिजे काय?

जाळी, हो. ट्रे दर वेळी निदान बघा, अर्धं बोट तेल साचलं असेल तर रिकामा करा. पूर्ण उघडून धुणं घरच्या वापराला वर्षातून दोनदा पुरे: एकदा पावसाळ्याआधी, एकदा नंतर. धंद्याच्या ग्रिलचं पुढं वेगळं लिहिलंय.

गरम असताना घासायचं की गार झाल्यावर?

जाळी कोमट-गरम असताना, बाकीचं सगळं गार झाल्यावर.

भाजणं संपलं की झाकण लावून दहा-पंधरा मिनिटं आच मोठी ठेवा. चिकटलेलं सगळं जळून भुसभुशीत होतं. मग आच बंद करा आणि थोडा वेळ थांबा. जाळीवर पाण्याचा थेंब टाकला की चर्र करून लगेच उडतोय, म्हणजे अजून फार गरम आहे. थेंब हळूहळू आटायला लागला की घासायला घ्या. लांब दांड्याचं साधन, जाड कापडी हातमोजे आणि सुती कपडे. नायलॉनची साडी, ओढणी, ट्रॅकसूट यांतलं काही अंगावर नको. ते पेटण्याआधी वितळून कातडीला चिकटतं.

आता यातली मेख. ट्रे तेलानं भरलेला असेल तर ही दहा मिनिटांची मोठी आच म्हणजे हातानं लावलेली आग. आधी ट्रे, मग आच. त्या दहा मिनिटांत आत जाऊन ताटं घ्यायला बसू नका, कुणीतरी ग्रिलपाशी उभं राहायला पाहिजे. आणि लवकर तापावं म्हणून सगळी जाळी अ‍ॅल्युमिनियम फॉइलनं झाकू नका. हवा खेळायची बंद होते, आतली उष्णता भलतीच चढते आणि गॅसच्या ग्रिलमध्ये तर नॉब आणि नळीपर्यंत पोचते.

तारेचा ब्रश वापरतोय, चालतंय की?

आम्ही विकत नाही आणि वापरूही नका म्हणतो. त्यावर लोक हसतात, म्हणून जरा सविस्तर.

ब्रशची तार केसापेक्षा थोडीच जाड असते. ब्रश जुना झाला की ती मुळातून सुटते आणि जाळीच्या काळ्या चिकट्यात आडवी बसून राहते. त्यावर चिकनचा तुकडा ठेवला की ती मांसात रुतते. खाणाऱ्याला दिसत नाही, चावताना कळत नाही. अमेरिकेच्या सीडीसी या रोगनियंत्रण संस्थेनं २०१२ साली ऱ्होड आयलंडमधल्या एकाच रुग्णालय-समूहातल्या सहा रुग्णांची नोंद प्रसिद्ध केली. काहींच्या घशात तार रुतली होती, काहींच्या पोटात गेली होती, आणि आतड्याला भोक पडून तातडीनं ऑपरेशन करायची पाळी आली होती. पुढं २०१६ साली मिसुरी विद्यापीठाच्या अभ्यासात २००२ ते २०१४ या काळात अमेरिकेत सुमारे सतराशे माणसं अशा जखमांसाठी तातडीच्या विभागात आली असावीत, असा अंदाज निघाला.

भांड्याची तारेची घासणीही त्याच जातीची. तुकडे तिचेही पडतात.

मग घासायचं कशानं? आपल्याकडं उत्तर दारात पडलेलं असतं: नारळाचं सोडण. थोडं ओलं करा, चिमट्यात घट्ट धरा आणि शिगांच्या दिशेनं घासा. कोरडं सोडण फार गरम जाळीवर धुमसायला लागतं, म्हणून ओलं. काथ्याचा ब्रश मिळाला तर उत्तमच. अर्धा कांदा काट्यात टोचून घासला तरी हलका चिकटा निघतो. जाड थराला मात्र त्याचा उपयोग नाही, उगीच कांदा वाया. फॉइलचा बोळाही चालतो. लाकडाची पट्टी वापरली तर थोड्या दिवसांत तिला शिगांच्या मापाच्या खाचा पडतात आणि मग ती फार छान काम देते. नायलॉनचा ब्रश फक्त गार जाळीला.

आजवर तारेचा ब्रश वापरला असेल तर पुढच्या वेळी भाजायच्या आधी जाळी गार असताना ओल्या पांढऱ्या फडक्यानं दोन्ही बाजूंनी पुसा, आणि फडकं उजेडात धरून बघा. चुंबक फिरवून भागत नाही. पितळेच्या आणि बऱ्याचशा स्टेनलेस तारा चुंबकाला लागत नाहीत. आणि ग्रिलचं खाल्ल्यावर गिळताना टोचलं किंवा पोटात कळ आली तर डॉक्टरांना "तारेच्या ब्रशनं साफ केलेल्या जाळीवरचं खाल्लंय" हे आवर्जून सांगा. आपण सांगितल्याशिवाय त्यांच्या डोक्यात तार येणार कुठून?

पाणी मारलं की लगेच गार होतंय, मग का नको?

तीन कारणं. वाफ उसळून हातावर, तोंडावर येते. बीड तडकतं, बेळगावच्या उद्यमबागेत फाउंड्रीत काम केलेलं कुणीही घरात असेल तर विचारा, तापलेल्या बिडावर गार पाणी म्हणजे काय ते. आणि खाली कोळसा असेल तर राख फवाऱ्यासारखी उडते, डोळ्यात जाते. ओली राख क्षारी असते, डोळ्यात गेली तर नुसतं चोळून भागत नाही. वाहत्या पाण्यानं पंधरा-वीस मिनिटं डोळा धुवायचा आणि दवाखाना गाठायचा.

राख कुठं टाकायची? दुसऱ्या दिवशी टाकली तर चालंल काय?

दुसऱ्या दिवशीही वरून पांढरी दिसणारी राख आत जिवंत असू शकते. इंगळ राखेच्या पोटात दडून राहतो आणि वारा लागला की फुलतो. साधा नियम असा की झाकण आणि हवेची भोकं बंद करून ४८ तास तसंच ठेवायचं. तेवढी सवड नसेल तर राख पत्र्याच्या बादलीत काढायची, लांब उभं राहून बेताबेतानं पाणी ओतायचं, लोखंडी सळईनं ढवळायचं, पुन्हा ओतायचं. वाफ यायची पूर्ण थांबली आणि बादलीचं बूड हाताला गार लागलं की मग पुढचं. बादली फरशीवर किंवा मातीवर ठेवा, लाकडी फळीवर नको.

प्लॅस्टिकची बादली, पोतं, पुठ्ठ्याचं खोकं यांत कधीच नाही. घंटागाडीत कोमट राख टाकू नका. तिच्यात प्लॅस्टिक आणि कागद असतो, गाडी पुढच्या गल्लीत जाऊन धुमसायला लागते. खानापूर, जांबोटीकडं शेतघरावर जाणाऱ्यांना हात जोडून सांगणं आहे: राख उकिरड्यावर नको, पिंजराच्या गंजीच्या आसपास तर अजिबात नको. फेब्रुवारी-मार्चमध्ये तिकडचं गवत वाळून कोळ झालेलं असतं, रान पेटायला एक ठिणगी बास होते.

ती राख झाडांना घालू काय?

लोणारी म्हणजे लाकडाच्या कोळशाची, पेट्रोल-रॉकेल न लावलेली राख असेल तर थोडी चालते. पण जमीन बघून. खानापूर आणि बेळगावच्या पश्चिमेच्या बाजूची तांबडी जमीन आंबट असते, तिला राख मानवते. गोकाक, रायबाग, अथणीकडची काळी जमीन आधीच क्षारी आहे. तिथं राख टाकून आणखी बिघडवू नका. तेल ठिबकून गोळा झालेली राख कुठल्याच झाडाला नको. तिला उंदीर आणि कुत्री येतात.

फाउंड्रीतला कोक स्वस्तात मिळतोय, तो जाळला तर?

नको. हा प्रश्न बेळगावातच येतो, दुसरीकडं कुणी विचारत नसेल. कोक दगडी कोळशापासून होतो, त्यात गंधक असतं, आणि तो बीड वितळवायच्या भट्टीसाठी असतो. धूर अन्नाला लागतो, आच एवढी चढते की शेगडीचा पत्रा वाकतो, आणि मागं राखेऐवजी काचेसारखे खडे उरतात, ते जाळीच्या तळाला चिकटून बसतात. खायच्या कामाला लोणारी कोळसाच.

जुन्या ड्रमचं ग्रिल करून घेतलंय, आतनं कसं साफ करायचं?

साफ करायच्या आधी विचारा, ड्रममध्ये काय होतं? खाण्याचं तेल असेल तर ठीक. केमिकल, सॉल्व्हंट, कीटकनाशक असेल, किंवा लेबल खरवडून काढलेलं असेल आणि काहीच पत्ता लागत नसेल, तर तो ड्रम भंगारात. कितीही धुतला, कितीही जाळला तरी खायच्या कामाला नाही.

ड्रम अजून कापायचा असेल तर घरी ग्राइंडर लावू नका. २०० लिटरचा रिकामा ड्रम भरलेल्यापेक्षा वाईट. तळाशी पेलाभर तेल किंवा थिनर राहिलेलं असतं, त्याची वाफ हवेत मिसळून ड्रमभर पसरते, आणि कटरची ठिणगी पडली की झाकण उडतं. जाणता वेल्डर आधी ड्रम आतून धुऊन घेतो, मग पाणी भरून, जेवढं कापायचं तेवढाच भाग वर ठेवून कापतो. "काय होत नाही हो, रोज कापतोय" म्हणणाऱ्याकडं काम देऊ नका.

कापून झाला, खाण्याच्या तेलाचाच होता. आता आतून बाहेरून रंग आणि आतला लेप असतो, तो काढायला पाहिजे. उघड्या मैदानात, वाऱ्याच्या वरच्या अंगाला उभं राहून, लाकडाचा मोठा जाळ करून ड्रम चांगला भाजून काढा. त्या दिवशी त्यावर काही शिजवायचं नाही, पोरांना जवळ येऊ द्यायचं नाही. गार झाल्यावर सुटलेला रंग मास्क लावून खरवडा, पॉलिश पेपर मारा, साबणाच्या पाण्यानं धुवा, लगेच कोरडं करा, तेलाचा हात फिरवा. लगेच म्हणजे लगेच. उघडा पत्रा रात्रीत तांबूस पडतो. बाहेरून रंग द्यायचा तर उष्णतेला टिकणारा, आतून कसलाच नको.

जीआयची जाळी किंवा फ्रिजमधली जुनी जाळी बसवली तर?

दोन्ही नको. जीआय म्हणजे जस्ताचा मुलामा. जस्त सुमारे ४१९ अंशांना वितळतं, आणि लाल इंगळ त्याच्या कितीतरी वर असतो. जीआय पाइप वेल्ड केला त्या रात्री वेल्डरला थंडी वाजून ताप भरतो, हे या धंद्यातल्या कुणालाही माहीत आहे. वरून दूध पितात, त्याचा काही उपयोग होत नाही. तो धूर तुमच्या कबाबाखाली कशाला? ओळखायची खूण: जीआय राखाडी असतं आणि बऱ्याचदा त्यावर बर्फाच्या फुलांसारखी नक्षी दिसते. फ्रिजच्या जाळ्यांवर प्लॅस्टिकचा किंवा कसला तरी धातूचा लेप असतो, तो आचेसाठी नसतो.

क्रोमची जाळी चालते, पण लेप सुटून पापुद्रे निघायला लागले की बदलायची.

गॅसच्या ग्रिलला काय काय बघायचं?

सुरुवात रेग्युलेटरपासून. साफसफाईच्या आधी तो बंद करून सिलिंडरवरून काढा आणि सिलिंडर लांब ठेवा. नुसता नॉब बंद करून काम करू नका. पुसताना नॉबला धक्का लागतो. एलपीजी हवेपेक्षा जड असतो, गळला तर वर न जाता जमिनीलगत पसरतो आणि खोलगट जागी साचतो. म्हणून तळघरातल्या पार्किंगमध्ये, गटाराच्या तोंडाशी, पायरीखालच्या खोलगट जागेत ग्रिल साफ करणं किंवा लावणं दोन्ही नको.

मग बर्नर. भोकं बुजलेली असतील तर टूथपिकनं एकेक मोकळं करा. खिळा किंवा ड्रिल घालून मोठं करू नका, ज्योत बिघडते.

लोक विसरतात ती बर्नरकडं जाणारी नळी. शेडमध्ये चार महिने ग्रिल पडलं की तिच्यात कोळी जाळं करतो, आणि कुंभारमाशी तर मातीचं घरटंच बांधते. आमच्याकडं "पेटतच नाही" म्हणून आलेल्या ग्रिलची नळी काढून ठोकली की वाळलेल्या मातीच्या छोट्या मडक्यांचे तुकडे आणि आतल्या वाळक्या अळ्या फरशीवर पडतात. हसायला येतं, पण गोष्ट हसण्यासारखी नाही. नळी बुजली की गॅस बर्नरपर्यंत न जाता मागं फिरतो आणि नॉबच्या बाजूला पेटतो. पावसाळ्यानंतर पहिल्यांदा लावताना नळी काढून, लवचिक ब्रश घालून, उजेडाकडं धरून आरपार बघा.

सगळं परत जोडलं की साबणाचा फेस सांध्यांना लावा. बुडबुडे आले तर गळती आहे. काडी लावून तपासणारे अजूनही आहेत, त्यांना काय म्हणावं. रबरी नळीला चिरा पडल्या असतील, ती कडक झाली असेल किंवा तिच्यावरची मुदत उलटली असेल तर बदला. जोडणी करताना ती गरम पत्र्याला टेकत नाही ना, हेही बघा.

पेटवताना झाकण उघडंच पाहिजे. बंद झाकणाखाली गॅस साचला आणि मग ठिणगी पडली तर झाकणासकट भुवया जातात. पहिल्या प्रयत्नात पेटलं नाही तर नॉब बंद, पाच मिनिटं थांबा, मग पुन्हा. ज्योत निळी पाहिजे. पिवळी, लवलवणारी, काजळी सोडणारी ज्योत म्हणजे हवा नीट मिळत नाही.

गळतीचा वास आला तर नॉब आणि रेग्युलेटर बंद करा, सगळे बाजूला व्हा, जवळचा कसलाही स्विच चालू-बंद करू नका आणि १९०६ या एलपीजी हेल्पलाइनला फोन करा, तोही लांब जाऊन.

दुबई-मस्कतहून आणलेली ग्रिल बऱ्याच घरांत असतात. त्यांचा रेग्युलेटर आणि जेट (गॅस सुटायचं बारीक भोक) आपल्या सिलिंडरला जुळतो की नाही हे तपासून घेतल्याशिवाय जोडू नका.

संडासचं अ‍ॅसिड टाकलं की चकाचक होतंय म्हणतात, खरं काय?

चकाचक होतंय, आणि जाळीचं आयुष्यही संपतंय. अ‍ॅसिड लोखंड खातं, सांध्यांत राहून आतून गंज चढवतं. त्याहून वाईट म्हणजे आधी अ‍ॅसिड आणि मग वास घालवायला ब्लीच. दोन्ही एकत्र आले की क्लोरीन वायू सुटतो, आणि न्हाणीघरासारख्या लहान जागेत तो माणसाला आडवं करतो. ब्लीच आणि अमोनियाचं काच पुसायचं औषध हेही एकत्र नको. थोडक्यात, दोन बाटल्या एकत्र ओतायच्याच नाहीत.

कॉस्टिक सोडा असलेले जाडे क्लीनर चरबी छान कापतात, पण अ‍ॅल्युमिनियमच्या भागाला लावले तर ते धातूच खातात, आणि त्यातून हायड्रोजन सुटतो, म्हणजे जवळ आच नकोच. धुण्याच्या सोड्यानंही अ‍ॅल्युमिनियम काळवंडतं. वापरायचेच असतील तर गार स्टेनलेसवर, रबरी हातमोजे आणि चष्मा घालून, बाहेर मोकळ्यात, आणि नंतर भरपूर पाण्यानं धुऊन.

रॉकेल-पेट्रोलनं किटण पुसणारे अजून भेटतात. पुसलेलं पेट्रोल फटीत बसतं. पुढच्या वेळी काडी ओढली की कळतं.

घरच्या ग्रिलला खरं तर एवढ्या कशाचीच गरज नाही. ट्रे आणि स्टीलची जाळी कढत पाण्यात भांड्याचं लिक्विड टाकून रात्रभर भिजवा. जिद्दी डागाला खाण्याच्या सोड्याची दाट पेस्ट अर्धा तास लावून ठेवा. बिडाची जाळी मात्र भिजत घालू नका. अ‍ॅल्युमिनियमच्या भागाला सोड्याची पेस्ट लावून विसरून जाऊ नका. स्टेनलेसवर नेहमी पॉलिशच्या रेषांच्या दिशेनं घासा, आडवं घासलं की ओरखडे कायमचे.

ट्रेला आग लागली तर काय करायचं?

गॅस बंद करता येत असेल तर बंद, झाकण खाली, हवेची भोकं बंद. हवा तुटली की आग मरते. पाणी अजिबात नाही. पेटत्या तेलावर पाणी पडलं की ते तेलाखाली जाऊन वाफ होतं आणि पेटतं तेल हवेत उडवतं. छोट्या आगीवर खाण्याचा सोडा किंवा कोरडी वाळू भरपूर टाका. मैदा-पीठ नाही, तेच पेटतं. पेटता ट्रे उचलून अंगणात पळणं हा सगळ्यात वाईट मार्ग. दोन पावलांत तेल हिंदकळून पायावर येतं. आवरत नसेल तर माणसं बाहेर काढा आणि १०१ किंवा ११२ लावा.

भाजलं तर वाहतं साधं पाणी वीस मिनिटं. टूथपेस्ट, हळद, शाई, बर्फ, काही नाही.

पावसात गॅलरीत किंवा शेडमध्ये कोळशाचं ग्रिल लावलं तर?

चारी बाजूंनी उघडी, वर उंच पत्रा अशी शेड असेल तर चालेल. पावसाची झड आत येते म्हणून बाजूंना प्लॅस्टिक बांधलं की ती शेड राहिली नाही, ती खोली झाली. धुमसत्या कोळशातून कार्बन मोनॉक्साइड निघतो. त्याला वास नाही, रंग नाही. डोकं जड होतं, मळमळतं, झोप येते, आणि बाहेर पार्टी चालू असल्यानं लोकांना वाटतं जरा जास्त झाली. असं वाटलं की त्या माणसाला आधी मोकळ्या हवेत न्या आणि १०८ ला फोन करा.

ग्रिल साफ करून "आता विझलंय" म्हणून आत घेणं आणि थंडीच्या रात्री त्याच उबेला झोपणं, यांतही तोच धोका. विझत आलेला कोळसाही हा वायू सोडतो.

पावसाळ्यात गंज धरू नये म्हणून कसं ठेवायचं?

कणकुंबी-जांबोटीकडचा पाऊस एकदा लागला की भिंतींनासुद्धा ओल येते. तिथं पत्रा कोरडा राहील ही आशा सोडा, तेलाचा थर राहील एवढं बघा.

राख पूर्ण काढा. आत राहिलेली राख हवेतली ओल ओढते आणि तळाचा पत्रा खाऊन टाकते. आमच्याकडं येणाऱ्या शेगड्या गळतात त्या बहुतेक तळातून. धुवून उन्हात वाळवा, मग रिकामीच पंधरा मिनिटं तापवा म्हणजे सांध्यातलं पाणी जाईल. कोमट असताना शेंगतेलाचा किंवा जवसाच्या तेलाचा बोळा फिरवा आणि लगेच कोरड्या फडक्यानं पुसून घ्या. तेल लावलंय की नाही असं वाटण्याइतकं पातळ राहिलं पाहिजे. जाड राहिलं तर चिकट होतं, धूळ धरतं, खवट होतं. बिडाच्या जाळीला असं पातळ तेल लावून झाकणाखाली मध्यम आचेवर तासभर तापवा, गार होऊ द्या, दोन-तीनदा करा.

वरून प्लॅस्टिक घट्ट बांधू नका, आत घाम सुटतो. ताडपत्री टाकायची तर खालून हवा खेळती ठेवून. जमिनीवर न ठेवता विटांवर चढवा. महिन्यातून एकदा उघडून बघा.

गंज आलाच तर वरवरचा असेल तोवर मीठ आणि सोडणानं घासून निघतो. धुवून, तापवून, पुन्हा तेल.

श्रावण संपला की त्याच जाळीवर लागलीच मटण, आणि एरवी घरात जैन पाहुणे. जाळी एकच पुरते काय?

जंतूंच्या हिशेबानं मोठ्या आचेवर दहा-पंधरा मिनिटं जाळून घेतलेली जाळी स्वच्छ असते. पण निपाणी-चिकोडीकडं ज्यांच्याकडं जैन सोयरे-मित्र येतात, त्यांनी जाळी जाळून काढलीय म्हणून समजूत घालू नये. कणसं, पनीर, ढोबळी मिरचीसाठी वेगळी जाळी, वेगळा चिमटा, वेगळा ब्रश ठेवा, आणि त्या जाळीला तारेची खूण बांधा. जाळीची किंमत त्या मानानं काहीच नाही.

कच्च्या चिकनला मसाला लावलेला ब्रश शिजलेल्याला लावू नका, कच्चं ठेवलेलं ताट धुतल्याशिवाय पुन्हा वापरू नका. चिकन आतून ७४ अंशांपर्यंत गेलं पाहिजे. वरून काळं झालं म्हणजे आतून शिजलं असं नाही, विशेषतः तंगडीच्या हाडाजवळ.

इलेक्ट्रिक ग्रिल?

प्लग काढा. हेस्कॉमची लाइट गेलीय म्हणून प्लग तसाच ठेवून पुसायला घेऊ नका, लाइट सांगून येत नाही. कॉइल पाण्यात बुडवायची नाही, नळाखाली धरायची नाही.

आमचा कबाबचा गाडा आहे. आम्हाला काय वेगळं?

रोज रात्री ट्रे रिकामा, रोज जाळी. "उद्या सकाळी करू" म्हटलं की चरबी गोठून दगड होते. वरच्या पत्र्याच्या टोपाला आतून तेलाचा थर बसतो, तो आठवड्याला पुसला नाही तर एक भडका वरपर्यंत जातो. धंद्याला १९ किलोचाच सिलिंडर वापरा; घरगुती १४.२ किलोचा गाड्यावर लावणं नियमात बसत नाही.

साचलेली चरबी गटारात ओतू नका. थंडीत ती गटारातच थिजते आणि तोंडं बुजतात. बेळगाव शहराचं सांडपाणी पुढं बळ्ळारी नाल्यानं शेतांतून जातं, आणि पावसाळ्यात तोच नाला भरून पिकांत शिरतो. चरबी डब्यात गोठवून, कागदात गुंडाळून कचऱ्यात द्या.

बिडाची जाळी तडकलीय, वेल्ड करून मिळंल काय?

मिळतं. निकेलच्या रॉडनं, आधी तापवून, मग सावकाश गार करून. पण जाळीसाठी तो खटाटोप परवडत नाही, आणि सांधा पुन्हा त्याच जागी सुटतो. जुनी जाळी किंवा तिचं लांबी, रुंदी, शिगांची जाडी आणि मधलं अंतर यांचं माप घेऊन या, त्या मापाची नवी करून घ्या. स्टेनलेस घेताना ३०४ ग्रेडचं मागा; २०२ ग्रेडचं स्वस्त पडतं आणि आपल्या पावसात लवकर डागाळतं. शीग अर्ध्याहून बारीक झाली असेल, वाकली असेल, किंवा लेप सुटत असेल तर दुरुस्तीचा विचार न करता बदला. येताना ट्रेही घेऊन या, बहुतेक वेळा त्यालाच भोक पडलेलं असतं.